सातबारा नक्की कुणाचा?



आजचं चिंतन: ईशावास्य उपनिषद, मंत्र पहिला.

मंत्र छोटा आहे, पण त्यात तीन गोष्टी सांगितल्या आहेत. जगात जे जे काही आहे, ते ईश्वराने व्यापलेलं आहे. म्हणून त्यागाने उपभोग घे. आणि कुणाच्याही धनाची हाव धरू नकोस. कॉलेजात पाठ केला तेव्हा मला हा मंत्र फार सोपा वाटला होता. तेव्हा माझ्या नावावर होतंच काय!

गेल्या महिन्यात गावाहून काकांचा फोन आला. आमची थोडी भातशेती पेण तालुक्यात, खारेपाटात आहे. खाडीचं पाणी बाहेर ठेवायला मातीचा बांध, पावसाचं पाणी बाहेर सोडायला उघाडी, आणि आत भात. आजोबांच्या वेळी गावच्या घराघरातून माणसं बांधावर मातीकामाला जायची. पुढे बांध सरकारकडे गेला. पंधराएक वर्षांपूर्वी उधाणात त्याला खांड गेली आणि ती वेळेत बुजवली गेली नाही. खारं पाणी आत आलं, भात गेला, तिवरं उगवली. आज तिथे माणसापेक्षा उंच कांदळवन आहे.

आणि आता ते तोडता येत नाही. मुंबई उच्च न्यायालयाने २००५ साली आधी अंतरिम आदेश आणि २०१८ साली अंतिम निकाल देऊन राज्यभर कांदळवन तोडायला बंदी घातली. भोवतीच्या ५० मीटरच्या पट्ट्यातही बांधकाम करता येत नाही. जमीन खाजगी आहे की सरकारी, याने फरक पडत नाही.

काका म्हणाले, "एक एजंट आलाय. म्हणतो, रात्री भराव टाकून देतो, पुढचं आमच्यावर सोडा. तुझी सही लागेल."

मी लगेच प्रवचन सुरू केलं. काका, सगळं ईश्वराचं आहे, आपण फक्त सांभाळणारे. तिवरांच्या मुळांत मासळीची पिल्लं वाढतात, ती उधाणाचा जोर कमी करतात, वगैरे.

काका शांतपणे म्हणाले, "बाळा, तू राहतोस तिथे आधी काय होतं?"

मी नवी मुंबईत राहतो. चौदाव्या मजल्यावर. माझ्या बिल्डिंगखाली एकेकाळी खाडी होती.

"आणि बुलेट ट्रेनला परवानगी मिळते, मला का नाही?" हा त्यांचा दुसरा प्रश्न. डिसेंबर २०२२ मध्ये त्या प्रकल्पासाठी हजारो तिवरं तोडायची मुभा न्यायालयाने दिली, हे खरं आहे. सार्वजनिक हिताच्या कामाला तशी परवानगी मागता येते. खारेपाटातला एकटा शेतकरी ती कशी मागणार?

त्या रात्री मंत्र पुन्हा वाचला, तेव्हा माझी चूक कळली. मी पहिलं वाक्य काकांना ऐकवलं आणि तिसरं सोयीस्कर विसरलो. "सगळं ईश्वराचं" याचा अर्थ "सगळं सरकारचं" असा होत नाही, आणि "सगळं शहरातल्या लोकांचं" असा तर नाहीच. मालक ईश्वर असेल, तर आपण सगळे एकाच सिस्टिमचे युजर. अ‍ॅडमिन राइट्स काकांकडे नाहीत, माझ्याकडे नाहीत, मंत्रालयाकडेही नाहीत.

आपलं संविधानही साधारण याच वळणावर उभं आहे. १९७८ च्या ४४ व्या घटनादुरुस्तीनंतर मालमत्ता हा मूलभूत हक्क राहिला नाही. पण कलम ३००-अ आहेच: कायद्याच्या आधाराशिवाय कुणाची मालमत्ता काढून घेता येत नाही. आणि कलम ५१-अ निसर्ग जपण्याचं कर्तव्य प्रत्येक नागरिकावर टाकतं. फक्त ज्याच्या शेतात तिवरं उगवली त्याच्यावर नाही.

नवी मुंबईसाठी जमिनी घेतल्या, तेव्हा जानेवारी १९८४ च्या आंदोलनात पाच जण गोळीबारात गेले. त्या लढ्यामुळे पुढे साडेबारा टक्के विकसित जमीन परत देण्याची योजना आली. जमीन घेतली की निदान मोबदला मागता तरी येतो. काकांची जमीन कुणी घेतलेलीच नाही! सातबाऱ्यावर नाव त्यांचंच आहे. फक्त तिचा उपयोग थांबलाय, आणि त्यांच्या हातात अजून काही आलेलं नाही.

बंदी चुकीची आहे असं मी म्हणत नाही. तोडलेलं कांदळवन पैशाने लगेच परत येत नाही. पण फायदा सगळ्यांना आणि झळ एकालाच, असं असेल तर त्याला त्याग म्हणता येणार नाही. त्याग स्वतःच्या वस्तूचा करायचा असतो. दुसऱ्याच्या वस्तूचा त्याग आपण ठरवला, की मंत्रातली हाव मागच्या दाराने आत येते.

मी सही केली नाही. पण काकांना म्हटलं, भाताचं जे उत्पन्न बुडतं, ते मी दरवर्षी पाठवीन.

काका म्हणाले, "मला पैसे नकोत. माझी उरलेली शेती तरी वाचव. बांधाची पुढची खांड बुजवायला कुणाला तरी भाग पाड."

म्हणजे माझ्याकडून त्यांना पैसे नको होते, वेळ हवा होता. पुढच्या सोमवारी रजा टाकली आहे. दोघं मिळून अर्ज घेऊन जाणार आहोत. काय होईल माहीत नाही, पुढे नक्की लिहीन.

आजचा छोटा सराव: आज कुणाला "सोडून दे" असं सांगावंसं वाटलं, तर आधी स्वतःला विचारा, यात मी काय सोडतोय?

राम कृष्ण हरी 🙏