चिकाटी की हट्ट?

आर. ए. डिकी हा टेनेसी विद्यापीठाच्या बेसबॉल संघाचा पिचर. १९९६ साली टेक्सास रेंजर्सने त्याला पहिल्याच फेरीत निवडलं, ८,१०,००० डॉलर देऊ केले. मग तपासणीत कळलं, की उजव्या कोपरातलं एक महत्त्वाचं लिगामेंट त्याला नाहीच. रक्कम ७५,००० वर आली. पुढची बरीच वर्षं मायनर लीगमध्ये गेली. २००६ मध्ये नकलबॉल शिकून वर आला, तर एकाच सामन्यात ६ होमरन बसले, परत खाली. आणि २०१२ मध्ये, वयाची ३७ वर्षं उलटल्यावर, साय यंग पुरस्कार!

ही गोष्ट मी भाच्याला सांगत असे. तो सहा वर्षं स्पर्धा परीक्षा देतो आहे. परवा त्याने विचारलं, "मामा, त्याला पुरस्कार मिळाला नसता तर तू त्याला काय म्हणाला असतास?"

हट्टी म्हणालो असतो.

म्हणजे मी कौतुक चिकाटीचं नव्हे, निकालाचं करत होतो. नकलबॉल जवळजवळ न फिरता जातो. तो कुठे वळेल हे टाकणाऱ्यालाही नक्की सांगता येत नाही. त्याच्या हाती असतं ते नीट टाकणं. माणसाला जोखायचं ते त्यावरच. पण तेवढ्याने घर चालत नाही, हेही खरं.

भाच्याला आता मी डिकी सांगत नाही. पुढच्या वर्षाचं खोलीभाडं कुठून येणार, ते दोघं मिळून बघतो. निकाल काहीही लागो, ही वर्षं वाया गेली असं मी म्हणणार नाही, एवढं मात्र त्याला आधीच सांगून ठेवलंय.