अग्निशलाकांचा आनंद

दुसऱ्याची सायकल रंगवून घेतली तर ती आपली होते का? होत नाही, हे गिरणेच्या अल्याडपल्याड कुणीही सांगेल. पण दुसऱ्याच्या लेखातले शब्द बदलले की तो आपला होतो, असे मानणारी मंडळी बरीच आहेत. त्यांतले एक रत्न आमच्या भडगावात, आमच्याच गल्लीत राहते.

ह्या रत्नाने कॉलेजच्या वार्षिकांकासाठी लेख 'लिहिला'. विषय, दादासाहेब फाळक्यांचा १९१५ सालचा 'आगकाड्यांची मौज' हा चित्रपट. काडी जराशी सरकवायची, एक चित्र घ्यायचे, पुन्हा सरकवायची. पडद्यावर काड्या आपोआप चालू लागतात. मूळ लेख कुणा जाणकाराचा. रत्नाने शब्दकोश उघडून त्यातला शब्दन् शब्द बदलला. आगकाड्यांच्या मौजेचा 'अग्निशलाकांचा आनंद' झाला, दादासाहेबांचे 'अग्रजमहोदय' झाले. 'फाळक्यांनी काडीला हात लावला' असे मूळ वाक्य होते. हात म्हणजे कर. झाले! 'अग्रजमहोदयांनी शलाकेला कर लावला.' इंग्रज सरकारने काड्यांवर अबकारी बसवली १९३४ साली. आमच्या अग्रजमहोदयांनी ती एकोणीस वर्षे आधीच वसूल केली!

"अरे, ही चोरी आहे," मी म्हणालो.

"नाना, लेख मनाच शे! एक ओळ जुळवून दाखवा. विद्यापीठ अनुदान आयोगाच्या २०१८च्या नियमांत तर प्रबंधालासुद्धा दहा टक्क्यांपर्यंत साम्य माफ आहे."

दहा टक्के! आमच्याकडे संध्याकाळी रोकड दहा रुपयांनी जुळली नाही तर कुणाला घरी जाता येत नाही.

"आणि फ्रान्समध्ये एमिल कोलने १९०८ सालीच काड्या नाचवल्या होत्या. मग फाळकेही चोरच की!"

(हेही मूळ लेखातलेच असणार.) पण प्रश्न बिनतोड होता. मी कॉमर्सचा माणूस, हिशेब मांडला. मूकपटाच्या काळी सेकंदाला साधारण सोळा चित्रे धरली, तर मिनिटाला ९६०. कल्पना कुणाचीही असो, ९६० वेळा काडी सरकवण्यातून सुटका नाही. मात्र मेहनत हीच मालकीची पावती म्हणावी, तर रत्नानेही दोन रात्री शब्दकोश चाळला होता. घरफोड्याही रात्रभर राबतो! तेव्हा नुसत्या मेहनतीने भागत नाही. काडी सरकवणाऱ्याला ती कुठे न्यायची हे ठाऊक असते, म्हणून मागचे चित्र पुढच्याला धरून राहते. रत्नाने प्रत्येक शब्द सरकवला, पण शेजारच्या शब्दाला विचारले नाही. तिकडे लाकडाची काडी चालू लागली. इकडे चांगला चालता लेख लाकूड झाला.

हे मी त्याला सांगितले.

"म्हणजे समजून बदलले असते तर चाललं असतं?"

आता आली का पंचाईत! वाचायला बरे झाले असते, पण सायकल दुसऱ्याचीच.

"निदान मूळ लेखकाचं नाव तरी खाली टाक."

"टाकतो की!"

आणि टाकलेही बरे का त्याने. फक्त आडनावालासुद्धा प्रतिशब्द शोधला होता.