सब्र कुणी करायचा?

सब्र हा शब्द आपल्या समाजात फार लवकर हातात दिला जातो. घरात मय्यत झाली, सब्र करा. धंदा बुडाला, सब्र करा. मुलगा तुरुंगात आहे, तारीख लागेपर्यंत सब्र करा. पण सब्र हा दुःख सोसणाऱ्याचा गुण आहे. ते दुःख थांबवणे ज्याच्या हातात आहे, त्याने दुसऱ्याला सब्र शिकवावा काय? अपिलांच्या दिरंगाईकडे आम्ही याच नजरेने पाहतो.

1979 साली बिहारच्या कच्च्या कैद्यांचे गाऱ्हाणे हुसैनारा खातून या नावाने सर्वोच्च न्यायालयात आले. गुन्हा शाबीत होऊन जेवढी शिक्षा झाली असती, त्याहून अधिक काळ कित्येकजण निकालाविना आत होते. खटला लवकर चालणे हा घटनेच्या 21व्या कलमातील जगण्याच्या हक्काचाच भाग आहे, असे न्यायालयाने सांगितले. पुढे 9 मार्च 2017 रोजी हुसैन विरुद्ध भारत सरकार या प्रकरणात त्याच न्यायालयाने म्हटले, आरोपी 5 वर्षांहून अधिक काळ आत असेल तर उच्च न्यायालयांनी त्याचे अपील लवकरात लवकर निकाली काढावे.

हुकूम चांगलाच; पण त्यात एक पेच आहे. एका अपिलाला मुदत घालून दिली की ते रांगेत पुढे सरकते आणि दुसरे मागे राहते. वरच्या कोर्टात जाण्याची ऐपत असलेल्याचाच नंबर मग आधी लागणार. 29 फेब्रुवारी 2024 रोजी 5 न्यायाधीशांच्या घटनापीठाने सांगितले की, दुसऱ्या न्यायालयातील प्रकरणांना सहसा मुदत घालू नये. कशाला प्राधान्य द्यायचे, हे त्या त्या न्यायालयाने ठरवावे.

मग रांगेत पुढे कोण? आमचे उत्तर साधे आहे : जो कोठडीत आहे तो. 2006च्या मुंबई लोकल बॉम्बस्फोटांचा खटला पाहा. 2015मध्ये 12 जणांना शिक्षा झाली, त्यांपैकी 5 जणांना फाशीची. अपिलांसाठी खास खंडपीठ नेमले गेले ते 2024मध्ये. 21 जुलै 2025 रोजी मुंबई उच्च न्यायालयाने सर्वांना निर्दोष ठरवले. त्यांतला एकजण 2021मध्येच तुरुंगात वारला होता. सर्वोच्च न्यायालयाने हा निकाल दाखला म्हणून वापरण्यास स्थगिती दिली, मात्र सुटलेल्यांना परत आत पाठवले नाही. आणि त्या स्फोटांत ज्यांची माणसे गेली, त्यांच्या हाती 19 वर्षांनी काय आले? दिरंगाईने दोन्ही बाजूंची घरे जाळली.

घाईने निकाल लावावा, असे आम्ही म्हणत नाही. हजरत उमर यांचे अबू मूसा अशअरी यांना लिहिलेले म्हणून जे पत्र सांगितले जाते, त्यात पुरावा आणू म्हणणाऱ्याला मुदत द्यावी, अशी सूचना आहे. पण ती मुदत पुराव्यासाठी आहे. न्यायाधीशांच्या रिकाम्या जागा, न झालेली भाषांतरे, तयार नसलेली पेपरबुके यांच्यासाठी नाही. ती कामे सरकारची आणि कोर्टाच्या कचेरीची. नुसत्या हुकमाने ती होत नाहीत. त्यासाठी माणसे आणि पैसा लागतो.

निर्दोष ठरलेल्याला कोर्ट त्याचे नाव परत देऊ शकते, वर्षे नाही. म्हणून कैद्याच्या सब्राची तारीफ आता पुरे. त्याचे अपील आधी बोर्डावर घ्या.