उचललेला शब्द

वह्या परत घ्या. लाल शाई पाहून तोंडं पाडू नका, आधी नीट ऐका. इंग्रजी घेऊन एम.ए.च्या दुसऱ्या वर्षाला बसलेल्या मुलांना निबंधात शब्द कसा वापरावा हे शिकवायची वेळ यावी, याचा मला राग आलेला आहे आणि तो मी लपवणार नाही.

विषय होता सुसंवाद. साधा, मोठा, भरपूर लिहिण्यासारखा. आणि वहीमागून वहीत एकच शब्द येतो आहे: कन्सिनिटी. कुणीतरी मोबाइलवर हार्मनीला दुसरा शब्द शोधला, यादीत हा दिसला, तो ग्रुपवर गेला आणि बाकीच्यांनी डोळे झाकून उतरवला. एकीने लिहिलं आहे की तिच्या गावात हिंदू-मुसलमानांमध्ये पिढ्यानपिढ्या कन्सिनिटी नांदते आहे. एकाने दोन देशांत तह घडवून कन्सिनिटी प्रस्थापित केली आहे. एकाच्या वहीत नवरा-बायकोचं भांडण मिटून घरात कन्सिनिटी आली. चौथ्याला ती भजनी मंडळाच्या आवाजांत ऐकू आली. हे शेवटचं ओढूनताणून चालवून घेता येईल. पहिली तीन साफ चूक आहेत. वडाची साल पिंपळाला लावली आहे तुम्ही.

शब्द अवघड आहे म्हणून मी चिडलेली नाही. अवघड शब्द मला आवडतात, म्हणून तर हा विषय शिकवते. चीड याची आहे की तुमच्यापैकी एकानेही शब्दकोश उघडला नाही. उघडला असता तर कुठलाही बरा इंग्रजी कोश दोन ओळींत सांगतो: एखाद्या रचनेच्या भागांची एकमेकांशी आणि पूर्ण रचनेशी असलेली कौशल्याची, डौलदार जुळणी. आणि लगेच पुढे, विशेषतः लेखनशैलीबद्दल. आपल्याकडे याच्या जवळ जायचं तर बांधेसूद, रेखीव, घाटदार ही विशेषणं घ्या. माणसांमधला सलोखा या अर्थात कुठेच बसत नाही. कन्सिनिटी एखाद्या गोष्टीच्या अंगात असते, तिच्या भागांच्या बेतात असते. म्हणून इंग्रजीत वाक्याची, परिच्छेदाची, इमारतीची कन्सिनिटी म्हणतात. दोन माणसांमधली, दोन धर्मांमधली, दोन राष्ट्रांमधली कन्सिनिटी असं म्हणत नाहीत. शब्दाबरोबर कुठलं शब्दयोगी अव्यय येतं एवढं तपासलं असतं तरी ही चूक टळली असती.

उच्चारही नीट करा. कालच्या सादरीकरणात तो तीन तऱ्हांनी ऐकला. जोर दुसऱ्या अक्षरावर, 'सिन'वर. लिहिताना तिथला 'एन' दोनदा.

एका हुशार मुलाने समासात व्युत्पत्तीही दिली आहे: 'कॉन' म्हणजे एकत्र, 'कानेरे' म्हणजे गाणे, म्हणून कन्सिनिटी म्हणजे सहगान. हे कोशात सापडत नाही, हे त्याने स्वतः जुळवलं. एकत्र गाणे या अर्थाचं लॅटिन क्रियापद आहे आणि ते दिसायला जवळचं आहे, त्यामुळे मोह होतो हे मला समजतं. पण आपला शब्द 'कन्सिनस' या विशेषणावरून आला. त्याचा अर्थ नीट जुळवलेलं, नेटकं, देखणं. त्या विशेषणाच्या मुळाबद्दल अभ्यासकांचं एकमत नाही. जिथे जाणकार थांबतात तिथे विद्यार्थ्याने ठामपणे लिहून मोकळं व्हायचं नसतं. हे विशेषण तुमच्या घरातही आहे. शिकेकाईचं वनस्पतिशास्त्रातलं अनेक वर्षं चालत आलेलं नाव अकेशिया कन्सिना. त्यातलं 'कन्सिना' म्हणजे नेटकी, देखणी. त्या झुडपाला कुणी सलोख्याची अकेशिया म्हटलेलं नाही.

आता हा शब्द जगला कुठे ते ऐका, कारण तुम्ही त्याला त्याच्या घरातून उचलून भलतीकडे नेऊन ठेवला आहे.

रोमन वक्ता सिसेरो याने इ.स.पू. ४६ मध्ये 'ओरेटर' हा वक्तृत्वावरचा ग्रंथ लिहिला. त्यात कन्सिनिटास ही वाक्यरचनेची गोष्ट आहे. समान घडणीचे वाक्यखंड एकापुढे एक ठेवले, विरोधी कल्पना समोरासमोर आणल्या, शेवट सारखे जुळवले, की वाक्याला आपसूक लय येते, असं तो सांगतो. नमुना म्हणून मिलोच्या बचावासाठी केलेल्या स्वतःच्याच भाषणातला तुकडा देतो. या जुळणीच्या मागे लागलेला पहिला माणूस म्हणून तो सिसिलीतल्या लिऑन्टिनीच्या गॉर्जियास या ग्रीक वक्त्याचं नाव घेतो, आणि त्याच ग्रंथात पुढे हेही सांगतो की गॉर्जियासने त्याचा अतिरेक केला, आयसोक्रॅटिसने मग तो आवरला. म्हणजे ज्याने या गुणाची थोरवी गायली, त्यानेच त्याची मर्यादाही घालून दिली.

पण या शब्दावर सगळ्यात जास्त विचार केला तो एका वास्तुकाराने. लिऑन बत्तिस्ता अल्बेर्ती, जन्म १४०४, मृत्यू १४७२. स्थापत्यावरच्या त्याच्या ग्रंथाचे दहा भाग लॅटिनमध्ये आहेत आणि त्याच्या मृत्यूनंतर, १४८५ मध्ये, फ्लॉरेन्सला छापले गेले. त्याचं सौंदर्याबद्दलचं म्हणणं थोडक्यात असं: सगळे भाग असे जुळलेले असावेत की त्यात काही घातलं, काढलं किंवा बदललं तर वास्तू बिघडलीच पाहिजे. नवव्या भागात तो या जुळणीची फोड करतो. भागांची संख्या, त्यांची मापं, त्यांच्या जागा. ही तिन्ही एकत्र आली की कन्सिनिटास. आणि मग तो म्हणतो की जी प्रमाणं कानाला गोड लागतात तीच डोळ्यालाही गोड लागतात. एकास दोन म्हणजे षड्जापासून वरचा षड्ज, दोनास तीन म्हणजे पंचम, तीनास चार म्हणजे मध्यम. खोलीची लांबी-रुंदी त्याने याच आकड्यांवर बांधायला सांगितली. तुमच्यात गाणं शिकणाऱ्या तिघी आहेत; तुम्ही तरी इथे थांबून विचार करायला हवा होता.

रिमिनीतल्या सान फ्रान्चेस्कोच्या चर्चला तिथला सत्ताधीश सिजिस्मोन्दो मालातेस्ता याच्यासाठी नवं दगडी अंग चढवण्याचं काम अल्बेर्तीकडे होतं. तो स्वतः रोममध्ये, कामावर देखरेख मात्तेओ दे पास्तीची. १४५४ च्या नोव्हेंबरात त्याने मात्तेओला पत्र लिहिलं. तिकडे कुणी मापांबद्दल शंका काढत होतं. अल्बेर्तीने बजावलं की खांबांची मापं आणि प्रमाणं आखून दिल्याप्रमाणेच राहू देत. त्यात हात घातलात तर ते सगळं संगीत बेसूर होईल. हे तो दगडाबद्दल बोलतो आहे. ती वास्तू पुढे अपुरीच राहिली, नियोजित घुमट झालाच नाही. पण एका खांबाची रुंदी हलली तर सगळं हलतं, हा या शब्दाचा खरा अर्थ त्या पत्रात जितका स्वच्छ दिसतो तितका मला दुसरीकडे कुठे दिसलेला नाही. सुसंवादावरच्या तुमच्या निबंधांत हे एक पत्र आलं असतं तर मी उभी राहून कौतुक केलं असतं.

संगीताच्या इंग्रजी शास्त्रातही याचं विशेषण एके काळी पारिभाषिक होतं. १७२१ मध्ये अलेक्झांडर माल्कमचा संगीतावरचा ग्रंथ आला, त्यात ही संज्ञा आहे. १७२८ च्या चेम्बर्सच्या ज्ञानकोशातही तिची नोंद सापडते. जे स्वरांतर स्वतः संवादी नाही, पण संवादी स्वरांच्या सोबतीने संगीतात चालू शकतं, ते कन्सिनस. म्हणजे इथेही अर्थ निव्वळ गोडव्याचा नाही. मुद्दा रचनेत बसण्याचा, चपखलपणाचा आहे. हा वापर आज मागे पडला आहे, म्हणून भजनी मंडळवाल्याने याचा आधार घेऊ नये.

आता ज्यांना वाटतं की जड शब्द घातला म्हणजे गुण वाढतात, त्यांनी पुढचं नीट लक्षात ठेवा. रोमन चरित्रकार सुएटोनियसने ऑगस्टसच्या चरित्रात त्या सम्राटाच्या लेखनाबद्दल लिहिलं आहे. ऑगस्टस साधं, संयत लिहायचा. चमकदार वाक्यांचा हव्यास आणि ओढूनताणून आणलेली जुळणी, म्हणजे हीच कन्सिनिटास, तो टाळायचा. आणि अडगळीतून शोधून काढलेल्या शब्दांना दुर्गंधी येते, अशा अर्थाचं त्याचं स्वतःचं बोलणं तिथे नोंदवलं आहे. तत्त्वज्ञ सेनेकानेही आपला मित्र लुसिलियस याला लिहिलेल्या पत्रांत शब्दांची फार नटवणूक करणाऱ्यांना फटकारलं आणि या गुणाला भारदस्त माणसाच्या अलंकारांत जागा दिली नाही. हा शब्द ज्या भाषेत जन्मला त्या भाषेतच त्याच्याकडे संशयाने पाहणारी मोठी माणसं होती. तुम्ही मात्र तो निव्वळ स्तुतीचा शब्द समजलात, कारण यादीत तो हार्मनीशेजारी उभा होता.

त्या यादीबद्दलही बोलते. पीटर मार्क रॉजेने १८५२ मध्ये आपला थिसॉरस काढला, तेव्हा प्रस्तावनेतच स्पष्ट केलं की सारख्या दिसणाऱ्या शब्दांतले भेद समजावून सांगणं हे वेगळं काम आहे आणि ते आपण हाती घेतलेलं नाही. निवड वाचणाऱ्याच्या जाणकारीवर सोडली. ती जाणकारी यावी म्हणून तुम्ही या वर्गात बसता. कॉन्कर्डमध्ये लॅटिन 'कॉर', म्हणजे हृदय आहे. मनं जुळतात तिथे तो चालतो, म्हणून गावातल्या दोन समाजांना तो शोभेल. कॉन्सोनन्समध्ये आवाज आहे. युफनी कानाला गोड लागणाऱ्या उच्चाराची. अ‍ॅमिटी मैत्रीची, आणि तहाच्या भाषेत ती नेहमी येते. हे सगळे शब्द शेजारी राहतात म्हणून एकाची पत्रं दुसऱ्याच्या दारात टाकायची नसतात. आणि बहुतेक ठिकाणी साधा हार्मनी पुरेसा होता. तो वापरायला लाज का वाटली?

मला सगळ्यात जास्त लागलं ते वेगळंच आहे. ज्या परिच्छेदात कन्सिनिटी लिहिली, त्याच परिच्छेदात तिचा मागमूस नाही. तुमच्या इंग्रजी वाक्यांत जे झालं आहे ते मराठीत करून दाखवते, म्हणजे पळवाट राहणार नाही. एका वहीतलं वाक्य असं आहे: 'आजोबांना पहाटे उठणं, देवळात जायला आणि पेपरवाचनाची आवड होती.' वाचा मोठ्याने. 'उठणं', 'जायला', 'वाचनाची': तीन भाग, तीन घडणी, आणि शेवटचं क्रियापद त्यातल्या एकालाच नीट लागतं. आता असं लिहा: 'आजोबांना पहाटे उठायला, देवळात जायला आणि मग ओट्यावर बसून पेपर वाचायला आवडायचं.' तिन्ही खंड एका घडणीचे झाले, एका 'आवडायचं'ने तिघांना पेललं. क्रम दिवसाच्या क्रमाने आला. शेवटचा खंड थोडा लांबवला, म्हणून वाक्य आपटलं नाही, टेकलं. यात एकही जड शब्द नाही. सिसेरो ज्याबद्दल बोलत होता ते हे. तुमच्या वहीत 'आजोबांना'च्या दोनच ओळी खाली कन्सिनिटी हा शब्द आहे, आणि तिथेही वाक्य मोडलेलं आहे.

कुणी म्हणेल, रोमन इतिहासकार टॅसिटस मुद्दाम वाक्य वाकडं करतो, दोन कारणं देताना एक नामात सांगतो आणि दुसरं आख्ख्या उपवाक्यात. त्याला थोर म्हणता, मग आम्हालाच का धरता? त्याच्यासारखं मोडायचं तर आधी त्याच्याइतकं सरळ बांधता यायला हवं. रोमच्या शाळेत त्याची पिढी समतोल वाक्यं घोटून वाढली, मग त्याने ती हेतूने मोडली. तुमची वाक्यं निष्काळजीपणाने मोडली आहेत, आणि हा फरक कुठल्याही परीक्षकाला पहिल्या पानावर दिसतो. पुढच्या वर्षी तुमच्यातले निम्मे शाळा-कॉलेजांत शिकवायला उभे राहणार आहात. तुमच्या फळ्यावरचं चुकीचं वाक्य साठ मुलं उतरवून घेतील. मला त्या मुलांची काळजी आहे.

म्हणून निबंध पुन्हा लिहा. दोन पानं पुरे. जिथे माणसांमधला सलोखा आहे तिथे नेमका बसणारा शब्द घाला आणि तोच का बसतो ते समासात एका ओळीत लिहा. कन्सिनिटी ज्याला वापरायचीच आहे त्याने ती एखाद्या कवितेच्या, वास्तूच्या किंवा परिच्छेदाच्या बांधणीबद्दल वापरावी आणि कुठला भाग कुठल्या भागाशी कसा जुळला आहे ते पुढच्याच वाक्यात दाखवावं. दाखवता येत नसेल तर शब्द खोडा. वही सोमवारी पहिल्या तासाला माझ्या टेबलावर हवी. या वह्यांना मी गुण दिलेले नाहीत.