अदृश्य कर्म आणि अदृश्य कर्ता

ज्या कर्माचे यश ते दृष्टीस न पडण्यातच असते, त्याच्या कर्त्याला मान कोणत्या न्यायाने द्यावयाचा? प्रश्न वरवर पाहता तर्कशास्त्राच्या वर्गातला वाटेल. तथापि चित्रपटाच्या संकलकाचे आयुष्य पाहू लागले म्हणजे तो नीतीचा प्रश्न होऊन समोर उभा राहतो.

संकलन म्हणजे गोळा करणे, बेरीज करणे. प्रत्यक्षात मात्र संकलकाचा बहुतेक वेळ वजाबाकीतच जातो. पडद्यावरचा माणूस खुर्चीवरून उठू लागतो. त्या उठण्याच्या ऐन मध्यावर पट्टी कापून दुसऱ्या बाजूने घेतलेला तुकडा जोडला, की प्रेक्षकाचा डोळा हालचालीमागे धावतो आणि सांधा त्याला दिसत नाही. सांधा दिसला तर काम फसले. न दिसला तर काही काम झाले हेच कोणाच्या ध्यानी येत नाही.

आमच्या वर्धा जिल्ह्यात कापसाच्या हंगामात जामच्या चौरस्त्यावरून हिंगणघाटकडे भरल्या गाड्या जातात. तेथील जिनांत रुई आणि सरकी वेगळी होते. अंगावरील सदऱ्यात सरकी सापडत नाही, हाच ते काम चोख झाल्याचा पुरावा होय. परंतु सदरा घालताना जिनाची आठवण कोणास होते?

वामन भोसले यांचे चरित्र या दृष्टीने पाहण्याजोगे आहे. 1932 साली गोव्यातील पोंबुर्पा गावी त्यांचा जन्म झाला. 1952 साली ते नोकरीच्या शोधार्थ मुंबईस आले आणि बॉम्बे टॉकीजमध्ये डी. एन. पै यांच्या हाताखाली हे काम शिकले. पुढे फिल्मिस्तानमध्ये सुमारे बारा वर्षे त्यांनी साहाय्यकी केली. 1969 च्या ‘दो रास्ते’पासून ते स्वतंत्र संकलक झाले. गुरुदत्त शिराळी यांच्या जोडीने त्यांनी कितीतरी चित्रपट सिद्ध केले. ‘आँधी’, ‘कर्ज’, ‘सौदागर’ ही नावे कोणाच्या कानावरून गेलेली नाहीत? 1977 च्या ‘इन्कार’साठी त्यांना संकलनाचे राष्ट्रीय पारितोषिक लाभले. एप्रिल 2021 मध्ये ते निवर्तले. त्या चित्रपटांतील गाणी गुणगुणणाऱ्या किती घरांत त्यांचे नाव ठाऊक होते, हे ज्याने त्याने आपल्याशीच पडताळून पाहावे.

यावर कोणी गीतेतील निष्काम कर्माचा दाखला देईल, आणि खऱ्या कर्मयोग्याला नावाची अपेक्षा नसते असे म्हणेल. हे म्हणणे खरे आहे. पण ते कोणी म्हणावे? फलाचा त्याग कर्त्याने करावयाचा असतो. त्याच्या वतीने तो इतरांनी परस्पर करून टाकला, तर त्यास त्याग म्हणत नाहीत, अपहार म्हणतात. कर्म अदृश्य राहणे हा त्या कलेचा गुण आहे. कर्ता अदृश्य ठेवणे हा पाहणाऱ्याचा दोष आहे. पहिल्याच्या आडोशाने दुसरा खपविला जातो, ही खरी अडचण.

1913 च्या ‘राजा हरिश्चंद्रा’चे श्रेय आपण दादासाहेब फाळक्यांना देतो, आणि ते योग्यच आहे. परंतु फिल्मच्या पट्टीला छिद्रे पाडण्यापासून मंडळींच्या स्वयंपाकापर्यंत ज्यांचे हात राबले, त्या सरस्वतीबाईंचे नाव आपल्या ओठांवर किती उशिराने आले! सुशिक्षित घरांनी तरी याचा विचार करावा. वेळेवर वाढलेले पान, ऐनवेळी न उद्भवलेले भांडण, पाहुण्यांना न जाणवलेली टंचाई, ही सारी कुणीतरी केलेली संकलनेच असतात. घर सुरळीत चालले आहे म्हणून ते आपोआप चालते असे मानणे हा सांधा न दिसल्यामुळे कारागीरच नाकारण्याचा प्रकार झाला. काम डोळ्यांना दिसत नसेल, तर ते कोणी केले हे विचारून घेण्याचे कर्तव्य आपल्यावर अधिकच येते.