मौन तटस्थ असते का? फ्लेमिश दूरचित्रवाणी आणि लैंगिक शिक्षण

लैंगिकतेविषयी मुलांशी बोलण्याचा अधिकार आईवडिलांचा, धर्मसंस्थेचा की सार्वजनिक पैशावर चालणाऱ्या वाहिनीचा? बेल्जियमच्या डचभाषक भागात, म्हणजे फ्लँडर्समध्ये, हा प्रश्न फार जुना आहे. तिथली बहुसंख्य मुले कॅथलिक शाळांत शिकतात. संततिनियमनाच्या साधनांच्या प्रचारावर १९२३ मध्ये कायद्याने घातलेली बंदी तर १९७३ पर्यंत टिकली.

या वादातला कळीचा विचार मात्र चर्चमधूनच आला. १९६८ च्या जुलैत पोप सहावे पॉल यांनी ‘ह्युमाने व्हिते’ या परिपत्रकातून कृत्रिम संततिनियमन निषिद्ध ठरवले. सुमारे महिन्याभराने बेल्जियमच्या बिशपांनी निवेदन काढले. पूर्ण विचारांती वेगळ्या निष्कर्षाला आलेला श्रद्धावंत आपल्या सदसद्विवेकानुसार वागू शकतो, असा त्याचा आशय होता. एकदा विवेकाला निर्णयाचा अधिकार दिला, की त्याच्यापुढे माहिती ठेवणे ओघानेच आले. अज्ञानात घेतलेला निर्णय विवेकाचा कसा म्हणायचा?

माहितीच्या आडून मूल्येही शिकवली जातात, हा पालकांचा आक्षेपही हलका नाही. माहितीची निवड, तिचा क्रम, सांगणाऱ्याचा सूर यांतून मूल्ये झिरपतातच. डेन्मार्कमधील सक्तीच्या लैंगिक शिक्षणाविरुद्धच्या खटल्यात युरोपीय मानवाधिकार न्यायालयाने १९७६ मध्ये मर्यादा आखली : माहिती वस्तुनिष्ठ, चिकित्सक आणि अनेक मतांना जागा देणारी हवी, विशिष्ट मत बिंबवणे नको. दूरचित्रवाणीवर अनेक मतांना जागा देण्याचा एक मार्ग होता : फ्लेमिश सार्वजनिक वाहिनीने अनेक वर्षे कॅथलिकांना आणि निधर्मी मानवतावाद्यांनाही स्वतंत्र प्रसारणवेळ दिला. पुढे दूरचित्रवाणीवरची ही सोय बंद झाली.

१ फेब्रुवारी १९८९ रोजी व्हीटीएम ही खासगी वाहिनी सुरू झाली आणि सार्वजनिक वाहिनीची मक्तेदारी संपली. आता तर मूल हातातल्या फोनवर एकटेच पाहते. घरातल्या एका पडद्यासमोर निदान शेजारी बसलेल्या वडीलधाऱ्यांना आक्षेप घेता येत असे, मुलालाही प्रश्न विचारता येत असे.

अशा वादात वाहिनीने मौन पाळले की बाजू घेतली जात नाही, हा समज मात्र टिकत नाही. २०२३ मध्ये सार्वजनिक वाहिनी व्हीआरटीने ‘गॉडफरगेटेन’ ही चार भागांची माहितीपट मालिका दाखवली. लहानपणी धर्मगुरूंच्या अत्याचाराला बळी पडलेली माणसे त्यात स्वतः बोलली. शरीराविषयी बोलण्याची भाषाच मुलांना न देणाऱ्या मौनाने कोणाला संरक्षण दिले, हे त्यांच्या साक्षींतून दिसले. त्यानंतर फ्लेमिश संसदेने आणि संघीय संसदेनेही या प्रकरणी समित्या नेमल्या.