पडणाऱ्याला हसावे काय?

कोणी घसरून पडला की आपल्याला हसू फुटते. हे हसू निर्दोष असते काय? प्रश्न क्षुल्लक वाटेल. परंतु मूकपटांच्या आरंभकाळी न्यूयॉर्कच्या कोनी आयलंड या समुद्रकिनाऱ्यावर या हसण्याचा मोठा व्यापारच उभा राहिला होता.

१९०३ साली एडविन पोर्टर यांनी एडिसन कंपनीसाठी 'रूब अँड मँडी ॲट कोनी आयलंड' हा लघुपट काढला. एक खेडवळ जोडपे तेथल्या करमणुकीच्या खेळांत धडपडते, एवढाच त्याचा विषय. १९१७ च्या 'कोनी आयलंड' या चित्रपटात स्थूलदेही रॉस्को आर्बकल पत्नीची नजर चुकवण्यासाठी स्वतःला वाळूत पुरून घेतो. तर तिकिटाला पैसे नसल्यामुळे बस्टर कीटनची मैत्रीण दुसऱ्याबरोबर निघून जाते. आम्ही या दोघांनाही हसतो.

हे तर सोंग आहे, असे कोणी म्हणेल. परंतु तेथल्याच स्टीपलचेस पार्कमध्ये सोंग नव्हते. लाकडी घोड्यांची शर्यत आटोपून उतरलेल्या पाहुण्यांना एका रंगमंचावरून जावे लागे. खालून वाऱ्याचा झोत येई, स्त्रियांचे झगे उडत, विदूषक विजेचा झटका देई. मग हेच पाहुणे समोर बसून पुढच्यांची फजिती पाहत. आपली पाळी होऊन गेली, एवढ्यानेच दुसऱ्याची विटंबना न्याय्य ठरते काय? आम्हांस तसे वाटत नाही.

जानेवारी १९०३ मध्ये याच किनाऱ्यावर, उभारणी चालू असलेल्या लूना पार्कमध्ये, टॉप्सी नावाच्या सर्कशीतल्या हत्तिणीला विजेचा प्रवाह सोडून ठार करण्यात आले. एडिसन कंपनीच्या कॅमेऱ्याने तेही टिपले. एकाच वर्षी, एकाच किनाऱ्यावर, एकाच कंपनीने दोन पतने चित्रित केली. पाहणारा दोन्ही वेळा सुरक्षितच होता.

भेद कोठे आहे? कीटन पडतो आणि उठतो. तो उठेल या भरवशावर आपण हसतो. त्या हसण्यात आपल्याही पडण्याची आठवण असते. टॉप्सी उठणार नव्हती. तेथे उरले होते ते केवळ पाहणे.

म्हणून हसणे हा दोष नव्हे. पडलेला उठत नाही हे दिसूनही जागचे न हलणे, हा दोष आहे. वर्गात अडखळणारे मूल, पंगतीत फाटका सदरा लपवणारा पाहुणा यांना हसण्यापूर्वी आपण एवढेच विचारावे: याला उठवायला आपला हात तयार आहे ना?